खोलीची शांतता

१८ मार्च

अवनी दुपारी आली, नवीन डिस्क दिली, ताक प्यायली आणि लगेच पावसला परत गेली. लीलाकाकूंचं इतकं आयुष्य आता माझ्याकडे साठलंय की त्या रस्त्यात पाठमोऱ्या दिसल्या तरी मी चालीवरून ओळखीन. त्यांनी मला मात्र कधी पाहिलेलं नाही. संकलनाच्या कामात हे असंच असतं.

मुंबई सोडून आल्यापासून मी मांडवीला बाबांच्या घरी वरच्या खोलीत छोट्यामोठ्या फिल्म कापत होते. अवनी बनवतेय तो हा माहितीपट, माझा पहिलाच पूर्ण लांबीचा. तो बिघडला तर पुन्हा लग्नाच्या व्हिडिओंवर यायचं, ही भीती रोज खुर्चीत माझ्याआधी येऊन बसते.

लीलाकाकू सत्तरीच्या पुढच्या, विधवा, मूलबाळ नाही. पावसला हापूसची मोठी बाग. पुतण्या गंधार ती बघतो. त्यानेच अवनीला पहिल्या भेटीत सांगितलं की काकूंना हल्ली विसरायला होतं. तिथेच अवनीला तिची फिल्म सापडली: बाई विसरत चालली आहे आणि झाडांना सगळं आठवतंय.

आज त्यातली मुख्य जागा लागली. अवनी विचारते, हे कलम कुणी लावलं? काकू झाडाकडे बघतात. मग उत्तर देतात, पण मी उत्तर कापलं. दुसऱ्या दिवशीच्या चित्रणातली त्यांची एक रिकामी नजर उचलून इथे जोडली आणि वर नुसता वारा ठेवला. आता प्रश्न हवेत राहतो, त्या बघत राहतात, आणि बघणारा समजतो, यांना आठवत नाही. अवनीला पाठवलं. तिचा फोन आला तेव्हा ती रडत होती. खूप दिवसांनी वाटलं, मला हे काम येतं.

२३ मार्च

गंधारचा फोन. बोलणं मृदू, घाई नाही. काकूंचा एखादा तुकडा बघायला मिळेल का, घरच्यांना दाखवीन म्हणाला, मालगुंडला त्यांचा भाऊ असतो त्यालाही. अवनीला विचारलं. ती म्हणाली, दे की, त्याच्यामुळेच आपल्याला त्या घरात शिरता आलं. तो कलमाचा प्रसंग पाठवला.

त्याने कामाचीही चौकशी केली. काकूंच्या पदराला लावतात तो छोटा माईक, त्या आत गेल्या तरी त्यात ऐकू येतं का? मी खुलून सांगितलं. कॅमेरा थांबला तरी आवाजाचं यंत्र वेगळं असतं, कुणी बंद करेपर्यंत ते चालूच राहतं, भिंतीपलीकडचा श्वासही येतो. त्याने सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाला, "बरं झालं सांगितलंत."

आपल्या कामाबद्दल कुणी इतक्या आस्थेने विचारत नाही.

१ एप्रिल

चित्रीकरण संपलं. अवनी पुण्याला गेली. शेवटच्या दिवसांचा आवाज अगदी वाईट आहे. काकूंना माईक टोचतो म्हणून गंधारने तो लावू दिला नाही. मी चिडून अवनीला म्हटलं, तू ऐकून का घेतलंस? तीही चिडली.

चित्र मात्र सुरेख आहे. काकू पडवीत बसल्या आहेत, पापण्या जड, मान हळूहळू खाली येते. मागे खळ्यात आंब्यांच्या पेट्या भरताहेत. शेवटासाठी याहून चांगलं मिळणार नाही.

५ एप्रिल

लिहावंसं वाटत नाही. तरी लिहिते.

दोन वाक्यांमधल्या फटी भरायला त्याच खोलीची शांतता लागते. प्रत्येक खोलीची शांतता वेगळी असते, एकीची दुसरीला चालत नाही. ती शोधायला मी मार्चमधल्या एका आवाजाच्या फायलीचं शेपूट उघडलं. चित्र संपल्यावर पुढे जे नुसतंच ध्वनिमुद्रित होत राहतं, जे कुणी ऐकत नाही, ते.

अवनी आणि कॅमेरावाला बागेत गेलेले असणार, त्यांचे आवाज लांब. मग गंधार, जवळ.

"गोळी घ्या."

"आत्ता नको रे. मला सारखी झोप येते."

"घ्या म्हणतो ना. आणि त्या पोरीशी फार बोलायचं नाही."

पाण्याचा घोट. पावलं. दार. मग कडी.

ती कडी मी पुन्हा पुन्हा ऐकली. काकूंचा श्वास माईकला चिकटलेला, अगदी जवळ. कडी लांब, लाकडाच्या पलीकडे. आतली कडी अशी वाजत नाही. त्या आत होत्या आणि कडी बाहेरून लागली. पावलं दूर गेली.

पुढे फाईल बरीच शिल्लक आहे. मी यंत्र बंद करून खाली आले.

७ एप्रिल

काल काही केलं नाही. आज रंगाचं काम काढलं, ज्याची आत्ता गरज नाही. बाबांनी विचारलं, "काय गो, बरं नाही काय?" मी म्हटलं, डोकं दुखतंय.

माझं म्हणणं असं की आधी खात्री करायला हवी. मी दोन तुकडे जोडून तिसराच अर्थ उभा करते, पोट भरते त्याच्यावर. घाबरलेलं डोकंही तेच करत असेल. वयस्क बाईला गोळी दिली, दार लावलं. त्या बाहेर भटकत असतील, पडत असतील. एका कडीवरून मी माणसाला राक्षस ठरवायचं का? हे सगळं खरं आहे. आणि हेही खरं की खात्री करायला ती फाईल पुढे ऐकायला हवी, आणि मी सबंध दिवस आंब्याच्या पानांचा हिरवा रंग नीट करत बसले.

८ एप्रिल

ऐकली.

बराच वेळ नुसता श्वास. मग काकूंचं पुटपुटणं. मग कापडाची सळसळ, माईकवर बोट घासल्यासारखा आवाज, आणि एकदम त्यांचा आवाज माझ्या कानात, जणू त्या माझ्या खांद्याशी वाकून बोलतायत.

"हे चालू आहे वाटतं. अवनी म्हणाली होती, रत्नागिरीत एक मुलगी आहे, ती बसून सगळं ऐकते. ऐकत असलीस तर नीट ऐक, बाय. माझं नाव लीला. माझं डोकं ठिकाणावर आहे. गंधारने बाहेरून कडी घातलीन. रोज घालतो. गोळ्या कसल्या देतो ते सांगत नाही. फोन काढून घेतलान. माझा भाऊ राजाभाऊ मालगुंडला असतो, त्याला एवढं कळव. त्याला बोलव. हा मला कोल्हापूरकडे कुठेतरी नेऊन टाकणार आहे. एकदा नेलंन की संपलं."

थोडं थांबून त्या म्हणाल्या, "दुसरं कुणी ऐकत असेल तर त्याने कृपा करून गप्प बसावं."

हे मार्चच्या मध्यावरचं आहे. त्यांना वाटलं असेल, आज ना उद्या ती मुलगी ऐकेल. त्या रोज वाट बघत असतील. आणि ती मुलगी त्यांची रिकामी नजर कुठे जोडावी ते शोधत होती.

मी हेडफोन काढून ठेवले. मग दुसरी गोष्ट लक्षात आली, ती याहून वाईट. माईक टोचत नव्हता. माईक काय काय ऐकतो ते गंधारला मी सांगितलं. खुलून सांगितलं.

९ एप्रिल

अवनीला फोन केला. तिने कडीचा भाग दोनदा सांगायला लावला. मग म्हणाली, "कॅमेऱ्याबाहेरचं आपण ऐकायचंच नसतं, मनाली. तो विश्वासघात आहे."

"त्या माझ्याशीच बोलल्यात, अवनी."

"त्या आजारी आहेत. अशा माणसांना वाटतं, आपल्याला कोंडलंय."

"त्या आजारी आहेत हे तुला कुणी सांगितलं?"

 ती म्हणाली, माझे काका तिथेच शेजारी बाग करतात, गंधार त्यांच्या ओळखीचा, मी एकदम काही करू शकत नाही, दोन दिवस दे. तिच्या आवाजात भीती होती. मला बरं वाटलं, आणि त्या बरं वाटण्याची लाज वाटली. दोन दिवस मला काही करावं लागणार नव्हतं.

११ एप्रिल

अवनीचा फोन नाही. गंधार आला.

मी जिन्यावरून खाली आले तर तो बाबांच्या खुर्चीत बसलेला, पायाशी आंब्याची पेटी. बाबा वाचनालयात गेले होते. मी त्याला पहिल्यांदाच प्रत्यक्ष पाहत होते. पडद्यावर तो नेहमी चौकटीच्या कडेला असतो, एक हात, एक खांदा. मी कितीतरी ठिकाणी तो कापून टाकलाय.

"म्हटलं जाता जाता फिल्म बघावी," तो म्हणाला.

मी म्हटलं, अजून अर्धवट आहे.

"तुम्ही पाठवलेला तुकडा फार छान होता. राजाभाऊमामांना दाखवला. रडले हो. डॉक्टरांनाही दाखवला. तोंडाने सांगून लोकांना पटत नाही, त्याने पटलं." मग त्याने खिशातून रुमाल काढून मान पुसली. "काकूंना पुढच्या आठवड्यात आश्रमात ठेवतोय. तिकडे बघायला माणसं आहेत. मी बाग बघू की त्यांना?"

मी जिन्याच्या पायरीवरच उभी होते.

"आवाजाच्या त्या फायली तुमच्याकडेच असतात, की अवनीताईंकडेही?"

"तिच्याकडेही आहेत." खोटं. माझा आवाज मलाच ऐकू आला. असा आवाज मी कुणाच्या मुलाखतीत ऐकला असता तर म्हटलं असतं, हा माणूस लपवतोय.

"कामापुरतं ठेवावं, बाकीचं पुसून टाकावं. घरातलं बोलणं असतं." तो उठला. दारात चपला घालताना म्हणाला, "तुमचे बाबा सकाळी मांडवीच्या किनाऱ्यावर फिरायला जातात ना? बघतो मी बरेचदा. या वयात एकट्याने पाण्याजवळ जाऊ नये."

तो गेल्यावर मी वर जाऊन ती फाईल निवडली. पुसायला बोट ठेवलं. खरं लिहिते, मी ती पुसणार होते. एवढ्यात बाबा खाली आल्याचा आवाज आला आणि त्यांनी चहाला हाक मारली. मी उठले. माझ्या धैर्याचा त्यात काही भाग नाही.

पेटी तशीच पडून आहे. घरभर वास सुटलाय.

१२ एप्रिल

बाबांना फिरायला जाऊ दिलं नाही. गुडघ्याचं निमित्त काढलं, त्यांच्या नव्हे, माझ्या. ते सोबतीला थांबले. दिवसभर गाडी थांबल्याचा आवाज आला की मी खिडकीशी. तीनदा वाटलं कुरिअरवाला असेल, पण कुणीच नव्हतं. फायलीच्या दोन प्रती केल्या. एक तांदळाच्या डब्यात ठेवली. मग वाटलं, हे सिनेमात करतात. तरी तिथेच ठेवली.

१४ एप्रिल

जयंती. बाबा पहाटेपासून पांढऱ्या सदऱ्यात, वंदना, अभिवादन, मिरवणूक. मी गेले पण कशात लक्ष नव्हतं. घरी आल्यावर बाबांनी टोपी काढून टेबलावर ठेवली आणि म्हणाले, "आता सांग. गुडघा नाही तो."

सगळं सांगितलं. गंधार त्यांच्याबद्दल काय बोलला, तेही. माझं सांगून झाल्यावर त्यांनी कानाला हेडफोन लावून ती फाईल शेवटपर्यंत ऐकली. आयुष्यभर शाळा तपासनिसांसमोर बसायचे तसे ताठ बसून.

"ही बाई एक वाक्य अर्धं सोडत नाही," ते म्हणाले. "राजाभाऊ म्हणजे मालगुंडचे? मी तिथल्या शाळेत शिकवायला होतो तेव्हा त्यांचा मुलगा माझ्या वर्गात. घर माहीत आहे."

"फोन करू या."

"फोनवर गंधारने आधीच सांगून ठेवलेलं असेल. समोर बसून ऐकवायला हवं."

"बाबा, मला फार भीती वाटते."

"मग भीत भीत जाऊ," ते म्हणाले. "सकाळची पहिली एसटी धरू."

१५ एप्रिल

जमेल तसं लिहिते. 

राजाभाऊ अंगणात सुपारी सोलत होते. बाबांना त्यांनी ओळखलं, "या मास्तर," म्हणाले, चहा सांगितला. लीलाकाकूंचं नाव निघताच चेहरा मिटला. खिशातून फोन काढून त्यांनी आमच्यासमोर धरला. माझाच प्रसंग. कलम, प्रश्न, वारा, ती नजर.

"हे बघितलं आणि जाणंच सोडलं," ते म्हणाले. "मला ओळखलंन नाही तर? मला बघवलं नसतं."

मी लॅपटॉप उघडला. म्हटलं, हे मी जोडलंय. ही नजर दुसऱ्या दिवशीची आहे. आता न कापलेलं बघा.

पडद्यावर अवनीने विचारलं, हे कलम कुणी लावलं. काकू झाडाकडे बघत राहिल्या. राजाभाऊंनी मान फिरवली. तेवढ्यात काकू बोलल्या, "ह्यांनी लावलंन, आमच्या लग्नाच्या वर्षी. पाणी मात्र माझ्या भावाने घातलंन. मे महिन्याचा राहायला आला होता, कावडी खांद्यावर घेऊन खांदा सोलून घेतलान बिचाऱ्याने."

राजाभाऊंचा हात आपोआप खांद्यावर गेला. त्यांनी ते पुन्हा लावायला सांगितलं. मग मी कडीची फाईल लावली. ती त्यांनी एकदाच ऐकली.

"तिचं उत्तर तुम्ही कापलंत का?" त्यांनी मला विचारलं. आवाज चढवला नाही. मी हो म्हटलं. ते आत जाऊन सदरा बदलून आले.

शेजाऱ्यांच्या गाडीने पावसला गेलो.  वाटेत मला सारखं वाटत होतं, उशीर झाला असेल, त्यांना नेलं असेल. घराच्या खळ्यात पेट्या भरत होत्या. गंधार पुढे आला, आम्हाला तिघांना एकत्र बघून क्षणभर थांबला, मग हसला.

"मामा, कळवलं असतंत तर. काकू झोपल्यात."

"उठवतो मी तिला," राजाभाऊ म्हणाले आणि सरळ आत गेले. गंधार त्यांच्या मागे, बाबा गंधारच्या मागे, मी शेवटी. माजघरातून आत डाव्या हाताला दार. त्याला बाहेरून कडी. राजाभाऊंनी ती काढली. कानात ऐकली त्याहून ती फार मोठ्याने वाजली.

काकू खाटेवर बसलेल्या. झोपलेल्या नव्हत्या, पण पुऱ्या जाग्याही नव्हत्या. आमच्याकडे बघत राहिल्या. तीच नजर.  वाटलं, गंधार खरं बोलत होता, आपण सगळे इथे कशाला आलो. राजाभाऊ म्हणाले, "लिले." त्या बघतच होत्या.

"बघा," गंधार मागून म्हणाला. त्याचा आवाज फुटला होता. "रात्री उठतात आणि विहिरीवर जातात. एकदा कठड्यावर बसलेल्या सापडल्या. ओळखतही नव्हत्या मला. काय करू मी? तुम्ही कुणी आलात का बघायला?"

 त्यात काही खरं होतं, ते सगळ्यांना कळलं. मग काकूंनी जड जिभेने, एकेक शब्द उचलून ठेवावा तसं म्हटलं, "विसरते मी कधी कधी. विहिरीवर गेले असेन. विसरणाऱ्याला सोबत देतात, गंधार. कडी घालत नाहीत."

मग त्या भावाकडे वळल्या. "राजा, खांदा बरा आहे ना?"

राजाभाऊ तिथेच जमिनीवर बसले.

काकूंना घेऊन जायला गंधारने आम्हाला अडवलं नाही. गोळ्यांची पाकिटं बाबांनी मागून घेतली. निघताना तो माझ्याजवळ येऊन हळू म्हणाला, "हे तुम्हाला फार महागात पडेल."  काकू मधल्या सीटवर माझ्या खांद्यावर डोकं टेकून झोपल्या. मी कोण ते त्यांना अजून कुणी सांगितलं नव्हतं.

२१ एप्रिल

रत्नागिरीतल्या डॉक्टरांनी सांगितलं, विसरणं थोडं आहे, वयाचं. बाकीचं त्या गोळ्यांचं. राजाभाऊंनी पोलिसांत तक्रार दिली. माझा जबाब झाला. जबाब देताना मी दोनदा पाणी मागितलं.

अवनी पुण्याहून आली. दारातच म्हणाली, "दोन दिवस मागितले आणि घरी बसून राहिले." मी म्हटलं, मीही आधी पानांचा रंग नीट करत बसले होते. आम्ही दोघी पायरीवर बराच वेळ बसलो. फिल्म आता कशाची आहे, ते तिला कळत नाही. मलाही नाही.

गंधारचे दोन फोन येऊन गेले. उचलले नाहीत. बाबा पुन्हा किनाऱ्यावर फिरायला जातात, मी बरोबर जाते आणि समुद्राकडे न बघता रस्त्याकडे बघत चालते.

४ मे

आज काकू स्वतः आल्या, राजाभाऊंना घेऊन. जिना चढायला वेळ लागला. माझ्या खुर्चीत बसल्या, पडदा, बटणं सगळं न्याहाळलं आणि म्हणाल्या, "म्हणजे इथे बसून ऐकतेस होय."

त्यांना फिल्म बघायची होती, मी केली होती तशीच. दाखवली. मला खोलीबाहेर जावंसं वाटत होतं. कलमाच्या प्रसंगाला त्यांनी थांबवायला सांगितलं.

"ही बाई छान दिसते," त्या म्हणाल्या. "पण तिला काहीच येत नाही."

मी माफी मागायला लागले. त्यांनी हाताने थांबवलं. "विसरणं काढू नकोस. ते आहे. त्याच्यापुढे मी काय बोलले, तेही ठेव. माणूस थांबतो, मग बोलतो. तेवढा दम धर."

मग त्यांनी ती दुसरी फाईल मागितली. राजाभाऊ नको म्हणाले. काकूंनी ऐकलं नाही. हेडफोन मी त्यांच्या पांढऱ्या केसांवरून नीट बसवले. गोळी, पाणी, पावलं. कडीला त्यांचा हात माझ्या मनगटावर घट्ट बसला. त्यांचा श्वास आणि यंत्रातला श्वास एकदमच चालू होते. शेवटपर्यंत त्यांनी हात काढला नाही.

"हे ठेवायचं," त्या म्हणाल्या. "चित्र काही दाखवू नकोस. नुसतं ऐकू दे."

"काकू, हे बाहेर गेलं तर गंधार काय करेल मला माहीत नाही. मला भीती वाटते. मी तुम्हाला खोटं सांगणार नाही."

"मलाही वाटते," त्या म्हणाल्या. "रात्री राजाच्या घरी झोपते तरी दाराला हात लावून बघते. कर तू. मी बसते इथे."

त्या बसल्या. मी पडदा काळा केला आणि त्यांच्या खोलीची शांतता त्याच्याखाली पूर्ण लांबीची लावली, कुठेही न कापता.